वाचक विचारतात : जखम, सुरकुती आणि मे महिन्यातला घाम

प्रोस्थेटिक मेकअपबद्दल (चेहऱ्यावर कृत्रिम त्वचेचे तुकडे, म्हणजे 'पीस', चिकटवून केलेला मेकअप) प्रश्न मागवले, तेव्हा मुखवटे आणि राक्षसांविषयी पत्रे येतील असे वाटले होते. आली ती बहुतेक चिकटपणाची, घामाची आणि न जुळणाऱ्या कडांची. त्यातच या कामाची खरी परीक्षा असते, म्हणून उत्तरे जरा सविस्तर दिली आहेत. सारख्या आशयाची पत्रे एकत्र केली आहेत. नाव छापू नका असे अनेकांनी कळवल्यामुळे फक्त गावे दिली आहेत. वेगळे लिहिले नसेल तिथे प्रमाणे वजनाने समजावीत.

प्रश्न (कोल्हापूर) : लघुपटासाठी जिलेटिनची भाजल्याची जखम केली. जिलेटिन, ग्लिसरीन, पाणी समभाग. घरात झकास दिसत होती. दुपारी उन्हात शूटिंग सुरू झाले आणि तासाभरात कडा सुटून गालावर ओघळल्या. प्रमाण चुकले का?

उत्तर : प्रमाण कामचलाऊ होते, पण खरी चूक जिलेटिन उन्हात नेण्याची. जिलेटिन उष्णतेने मऊ पडते हे सगळ्यांना ठाऊक असते. घामाने ते खालून विरघळते हे मात्र बहुतेकांच्या लक्षात येत नाही. वरून जखम शाबूत दिसते आणि आतून सुटलेली असते.

पाण्याऐवजी सॉर्बिटॉल वापरले तर तुकडा कमी आकसतो आणि जास्त टिकतो. जिलेटिन पावडर 30 ग्रॅम (ब्लूम, म्हणजे जेलच्या घट्टपणाचा आकडा, 250 ते 300; पाकिटावर ब्लूम लिहिलेला नसेल तर ते घेऊ नका), ग्लिसरीन 120 मिली, 70 टक्क्यांचे सॉर्बिटॉलचे द्रावण 120 मिली आणि फार पारदर्शक दिसू नये म्हणून चिमूटभर झिंक ऑक्साइड. सगळे कालवून निदान तासभर, जमल्यास रात्रभर मुरू द्या. मग गरम पाण्याच्या भांड्यात ठेवून 60 ते 65 अंशांपर्यंत तापवा. उकळी आली की बुडबुडे धरतात आणि जिलेटिनची ताकदही जाते. हलवताना फेटू नका. ताटलीत ओतून थंड केलेले तुकडे फ्रीजरमध्ये राहतात, लागतील तसे वितळवायचे. चेहऱ्यावर घेण्याआधी प्रत्येक वेळी स्वतःच्या मनगटावर तापमान पाहा. जिलेटिन त्वचेला धरून राहते, पाण्यासारखे निथळून जात नाही. त्यामुळे त्याचा चटका खोल बसतो.

त्वचेवर आधी प्रॉस-एड या गोंदाचा पातळ थर द्या, तो पारदर्शक होईपर्यंत वाळवा, पावडर लावा आणि मग जिलेटिन चढवा. घाम थेट जिलेटिनला लागायला थोडा उशीर होतो. कडा कोमट पाण्यात किंवा विच हेझलमध्ये बुडवलेल्या इअरबडने विरवता येतात, हा जिलेटिनचा मोठा गुण. एसी खोलीतला प्रसंग, रात्रीचे शूटिंग, दीड-दोन तासांत संपणारे काम एवढ्यापुरते ते ठेवा. उन्हासाठी थेट त्वचेवर लावायचे दोन भागांचे सिलिकोन घ्या. ते पाचेक मिनिटांत बसते (घट्ट होते), स्पॅच्युलाने आकार देता येतो आणि बसण्याआधी 99 टक्के आयसोप्रोपिल अल्कोहोलच्या ब्रशने कड पसरवता येते.

आणखी एक. जिलेटिन जनावरांच्या हाडा-कातड्यापासून बनते. कलाकाराला हे आधी सांगा. शाकाहारी असल्यामुळे किंवा धार्मिक कारणाने नको म्हणणारे असतात, आणि ते ऐन वेळी कळले तर तुमच्या हातात काहीच उरत नाही. आगर-आगर हा त्यावरचा उपाय नव्हे. ते लवचीक नसते, हसले की तडकते.

प्रश्न (नाशिक) : चेहऱ्याचा साचा, म्हणजे लाइफ कास्ट, घरी घेता येईल का? इंटरनेटवर थेट प्लास्टर ऑफ पॅरिस चेहऱ्यावर ओतताना दाखवले आहे.

उत्तर : प्लास्टर ऑफ पॅरिस अंगावर जाड थरात कधीही घेऊ नका. बसताना ते तापते, आणि थर जितका जाड तितकी उष्णता आत कोंडते. इंग्लंडमध्ये लिंकनशरमधल्या एका शाळेत 2007 साली कलेच्या तासाला एका 16 वर्षांच्या मुलीने हातांचा साचा घेण्यासाठी दोन्ही हात प्लास्टरच्या बादलीत घातले. प्लास्टर घट्ट झाले, हात निघेनात. भाजल्यामुळे तिची बहुतेक बोटे कापावी लागली. तो व्हिडिओ करणाऱ्यांना हे माहीत नसावे.

त्वचेला लागते ते अल्जिनेट. दातांचे माप घ्यायला दंतवैद्य वापरतात तेच, आणि डेंटल साहित्याच्या दुकानात मिळते. दोन माणसे लागतात; एकट्याने करू नका. समोरच्याला सर्दी, दमा किंवा बंद जागेची भीती आहे का ते आधी विचारा. सर्दी असेल तर काम पुढे ढकला.

माणूस खुर्चीत ताठ बसलेला हवा. आडवे झोपवले की गाल कानांकडे ओघळतात आणि उभ्या माणसाला तो पीस कधीच नीट बसत नाही. केसांवर बाल्ड कॅप किंवा घट्ट प्लास्टिक, भुवया-पापण्या-मिशीवर व्हॅसलिनचा भरपूर थर. दाढी असेल तर तीही व्हॅसलिनने पूर्ण चापून बसवा. केस नुसते ओशट करून भागत नाही, मोकळा राहिलेला प्रत्येक केस अल्जिनेटमध्ये अडकतो.

बहुतेक डेंटल अल्जिनेटला 1 भाग पावडरला साधारण 2 भाग पाणी लागते. पाकिटावर वेगळे लिहिले असेल तर ते पाळा. कपाळापासून हनुवटीपर्यंत पुढच्या भागाला 450 ग्रॅमचे एक पाकीट सहसा पुरते. नेहमीचे अल्जिनेट दोन ते चार मिनिटांत बसते, आणि पूर्ण चेहऱ्याला तेवढा वेळ अपुरा आहे. म्हणून पाणी फ्रीजमधले, 10 ते 15 अंशांचे घ्या. थंड पाण्याने वेळ वाढतो, गरम पाण्याने झपाट्याने कमी होतो. उन्हाळ्यात टाकीच्या नळाचे पाणी वापरून अनेकांचे मिश्रण बादलीतच बसलेले असते. पावडर पाण्यात घाला, पाणी पावडरवर ओतू नका.

कपाळापासून सुरुवात करा म्हणजे मिश्रण आपल्या वजनाने खाली येते. डोळ्यांचे कोपरे आणि नाकपुड्यांच्या कडा बोटाने दाबून घ्या, बुडबुडे तिथेच बसतात. एका माणसाने फक्त नाकपुड्या मोकळ्या ठेवायच्या, दुसरे काही करायचे नाही. नाकात स्ट्रॉ घालू नका. नाकाचा आकार बिघडतो आणि धक्का लागला तर इजा होते. ओल्या अल्जिनेटवर लगेच कापसाचा पातळ थर दाबा. प्लास्टर बँडेज अल्जिनेटला चिकटत नाही, कापसाच्या तंतूंमुळे पकड येते. हे विसरले की साचा काढताना कवच एका हातात आणि रबरासारखे लोंबणारे अल्जिनेट दुसऱ्या हातात येते. बसलेल्या अल्जिनेटवर नवे अल्जिनेटही धरत नाही, त्यामुळे राहिलेली जागा नंतर भरू असा विचार करू नका.

वर 10 सेंटिमीटर रुंदीच्या बँडेजच्या पट्ट्या, तीन-चार थर, कडेला एक थर जास्त. हा थर पातळ असतो आणि खाली अल्जिनेट असते, म्हणून कोमट लागते, भाजत नाही. कवच कडक झाले की माणसाला पुढे वाकवून तोंड वेडेवाकडे करायला सांगा. आत हवा शिरते आणि साचा हातात सुटून येतो. ओढू नका.

त्यानंतर चहा प्यायला जाऊ नका. अल्जिनेटमधले पाणी उडू लागते आणि साचा आकसतो, म्हणून दहा-पंधरा मिनिटांच्या आत भरायला लागा. नाकपुड्यांची भोके बाहेरून मातीने बुजवा, साचा वाळूत किंवा टबात टेकवा. डेंटल स्टोन 100 ग्रॅमला सुमारे 30 मिली पाणी. पहिला थर पातळ, ब्रशने, नुसता तपशील धरण्यापुरता. तो चकाकी सोडू लागला की जाड थर आणि त्यात काथ्या किंवा गोणपाटाचे तुकडे. तासाभराने सोडवा. डोळे मिटलेले येतात, पापण्यांचे तपशील नंतर कोरून सुधारावे लागतात.

प्रश्न (पेण) : आमचा गणपतीच्या मूर्तींचा कारखाना आहे. मुलाला प्रोस्थेटिकमध्ये जायचे आहे. शाडू आणि आमचे रबराचे साचे याला चालतील का?

उत्तर : मुलाचा हात आधीच तयार आहे, ही मोठी जमेची बाजू. साहित्य मात्र थोडे बदलावे लागेल.

शाडू मोठ्या आकारांना चांगली: पूर्ण डोके, छाती, राक्षसाचे शिंग. पण गालावरचा पीस कडेला शून्यावर आणायचा असतो, तिथे पाण्याची माती वाळून तडकते. त्यासाठी तेला-मेणाची माती घ्या आणि तीही गंधकविरहित. कारण पुढच्या उत्तरात आहे. त्वचेची छिद्रे कोरताना मातीवर पातळ प्लास्टिक पसरून त्यावरून हत्यार दाबले तर खळगे गोलसर येतात, थेट टोचले तर कडा उभ्या राहून छिद्र खोटे दिसते.

मूर्तीचा साचा आणि प्रोस्थेटिकचा साचा यांत मूळ फरक असा, की मूर्तीला बाहेरचे अंग महत्त्वाचे, आतून पोकळ असो वा भरीव. प्रोस्थेटिकला दोन्ही अंगे लागतात: बाहेरून पात्राचा चेहरा, आतून कलाकाराचा. म्हणून लाइफ कास्ट हा आतला साचा आणि माती कोरून घेतलेला तो बाहेरचा. मधली फट म्हणजे पीस. बाहेरचा साचा कडक हवा, रबर दबते आणि कड जाड येते.

रबरी साच्याबद्दल: ज्यात कॅटॅलिस्ट (घट्ट करणारे द्रव्य) दोन-चार टक्के टाकतात ते सिलिकोन टिन जातीचे. त्यात प्लॅटिनम जातीचे सिलिकोन ओतले तर पृष्ठभाग बसत नाही. त्वचेवरचे पीस प्लॅटिनम सिलिकोनचेच करतात, त्यात ए आणि बी हे दोन घटक समभाग असतात. ओळखायची सोपी खूण तीच.

एकाच लाइफ कास्टवर नाक, गाल, हनुवटी वेगवेगळे हवे असतील तर माती चढवण्याआधी कास्टवर डेंटल सेपरेटरचा हात द्या. कोरून झाल्यावर कास्ट पाण्यात बुडवून ठेवला की मातीचे तुकडे अख्खे सुटतात आणि प्रत्येकाचा वेगळा साचा घेता येतो.

प्रश्न (ठाणे) : सिलिकोन आत बसते, वरून चिकट राहते. तीन वेगवेगळ्या कंपन्यांचे आणून पाहिले.

उत्तर : कंपनी बदलून उपयोग नाही, सिलिकोन घट्ट करणाऱ्या प्लॅटिनमला विष लागते आहे. नेहमीचे आरोपी: गंधक असलेली प्लॅस्टिसिन माती, लेटेक्सचे हातमोजे (नायट्राइल किंवा विनाइल घाला), आधी टिन सिलिकोन किंवा लेटेक्ससाठी वापरलेला साचा, ब्रश, अगदी ढवळायची काडीसुद्धा. हल्ली त्यात थ्रीडी प्रिंटरच्या रेझिनची भर पडली आहे. प्रिंट पूर्ण क्युअर करून ॲक्रिलिक लॅकरचे दोन-तीन थर दिल्याशिवाय त्यावर सिलिकोन ओतू नका, आणि दिले तरी आधी कोपऱ्यात चमचाभर ओतून पाहा.

सगळीकडे मऊ आणि चिकट असेल तर मात्र शंका डेडनरची, म्हणजे सिलिकोन मऊ करायला घालतात त्या द्रव्याची. ए 100, बी 100 आणि डेडनर 100 ते 150 ग्रॅम घेतले की गालासारखा मऊपणा येतो. गोंधळ असा, की टक्केवारी कोणी फक्त ए-वर मोजतो, कोणी ए अधिक बी-वर. एकाचे 100 टक्के म्हणजे दुसऱ्याचे 50. टक्के विसरा, ग्रॅम लिहून ठेवा. एवढे मऊ जेल मुळातच चिकट असते, म्हणून ते कॅप प्लास्टिकच्या (साच्यात आधी थर देतात ते द्रव प्लास्टिक) पापुद्र्यात कोंडतात. तो पापुद्रा तुम्ही दिलाच नसेल, तर सिलिकोनमध्ये दोष नाही.

प्रश्न (इंदूर) : पीस सुंदर होतो, पण कड दिसते. पुट्टी भरून भरून थकलो.

उत्तर : कड चेहऱ्यावर बिघडत नाही, साच्यात बिघडते. तिथे चुकलेली मिलिमीटरभर जाडी मेकअपच्या खुर्चीत कोणी लपवू शकत नाही.

कोरताना पिसाच्या भोवती दोन-तीन मिलिमीटरची मोकळी पट्टी सोडा आणि तिच्या बाहेर पाचेक मिलिमीटर जाडीची माती पसरवा. साचा मिटल्यावर दोन्ही बाजू त्या अरुंद पट्टीवरच एकमेकींना टेकतात, बाकी सगळीकडे जादा सिलिकोनला निघून जायला जागा मिळते. ही बाहेरची माती नसेल तर साचा सगळ्या सपाटीवर टेकतो, सिलिकोनला वाट मिळत नाही आणि साचा मिटतच नाही. जादा माल बाहेर यायला दोन-तीन भोकेही लागतात. मग क्लॅम्प, सगळीकडून सारख्या दाबाने, हळूहळू. एकदम आवळले तर हवा आत अडकते.

ओतण्याआधी दोन्ही बाजूंना कॅप प्लास्टिकचे तीन ते पाच पातळ थर फवारा, आणि ते कडेच्या बाहेरपर्यंत जाऊ द्या. चिकटवल्यावर याच बाहेरच्या झालरीला विरवायचे असते. आता कॅप प्लास्टिक कोणते ते माहीत हवे: अल्कोहोलमध्ये विरघळणारे की ॲसिटोनमध्ये. शक्यतो अल्कोहोलचे घ्या, ॲसिटोनची वाफ डोळ्याजवळ नको.

लावताना पिसाचा मध्य आधी चिकटवा, मग बाहेरच्या दिशेने ब्रशने दाबत जा, कडा सर्वांत शेवटी. कड दुमडली तर ओढून सरळ करू नका; अल्कोहोलचा थेंब, दहा सेकंद थांबा, ती स्वतःच सैल होते. पावडर सगळे चिकटल्यावर. आधी उडवली तर कडेखाली गोंद धरत नाही.

उरलेल्या बारीक पायरीसाठी बाँडो: प्रॉस-एडमध्ये फ्यूम्ड सिलिका घालून श्रीखंडाइतके घट्ट करायचे. ही सिलिका इतकी हलकी असते की डबा उघडताच हवेत उडते आणि फुप्फुसात जाते, मास्क घातल्याशिवाय डबा उघडू नका. बाँडोतले पाणी उडाले की ते खाली बसते, म्हणून एक जाड थर देण्यापेक्षा दोन-तीन पातळ द्या, प्रत्येक थर थंड हवेच्या ड्रायरने वाळवून.

आणि कड टाकायची कुठे? नाकापासून ओठाच्या कोपऱ्याकडे जाणारी घडी, जबड्याची रेष, केसांची सीमा. गालाच्या सपाटीवर कड आणणे म्हणजे तक्रारीला आमंत्रण.

प्रश्न (मुंबई आणि नागपूर, दोन पत्रे) : मे महिन्यात पीस टिकत नाहीत. कुठला गोंद वापरावा?

उत्तर : दोन्ही शहरांची दुखणी वेगळी आहेत. मुंबईत हवा दमट, घाम वाळतच नाही आणि सिलिकोनखाली साचतो. नागपुरात घाम उडून जातो, पण प्रॉस-एड पीस जागेवर नेईपर्यंत वाळून बसते, आणि गाडीच्या डिकीत ठेवलेल्या जिलेटिनच्या पिसांचा रस होतो.

गोंदापेक्षा तयारी जास्त काम करते. चेहरा धुऊन, पुसून, अल्कोहोलने तेल काढून (डोळ्यांपासून लांब) ज्या जागी पीस बसणार तिथे घाम रोखणारे द्रावण लावा आणि पूर्ण वाळू द्या. कलाकाराने त्या सकाळी मॉइश्चरायझर लावायचे नाही, हे आदल्या दिवशी फोन करून सांगा.

प्रॉस-एड पाण्यावर आधारलेले आहे. लावताना पांढरे, वाळल्यावर पारदर्शक. पांढरे असताना दाबले तर घसरते. त्वचेवर आणि पिसावर दोन्हीकडे लावून पारदर्शक होऊ दिले तर पकड घट्ट, पण मग जागा बदलता येत नाही. पहिल्यांदाच नीट बसवावे लागते. टेलिसिससारखे सिलिकोनवर आधारलेले गोंद घामाला जास्त पुरून उरतात, महाग आहेत, आणि त्यांचे रिमूव्हरही तितकेच महाग. नाटकात चालत आलेला स्पिरिट गम दाढी-मिशीच्या जाळीसाठी ठीक. सिलिकोनच्या पिसाला तो नको: वाळून कडक होतो, हालचालीबरोबर तडकतो आणि कडेला चकाकती रेष सोडतो.

कपाळ आणि टाळू झाकणारा मोठा पीस असेल तर घामाला वाट द्या. कानामागे किंवा मानेवर, कॅमेऱ्याला न दिसणारी, बोटभर जागा न चिकटवता सोडा आणि अधूनमधून तिथून टिश्यूने टिपून घ्या. पिसाखाली फुगा दिसला तर सुईने टोचू नका, भोक क्लोज-अपमध्ये दिसते; याच वाटेकडे बोटाने ढकलत न्या. फोम लेटेक्स हलके असते, घाम शोषते आणि पूर्ण चेहऱ्याला अजूनही चांगले. पण ते अपारदर्शक असल्याने जवळच्या शॉटमध्ये सिलिकोनइतके जिवंत दिसत नाही.

प्रश्न (सोलापूर) : परदेशी ट्युटोरियल पाहून मार लागल्याचा मेकअप केला. आमचा नायक सावळा आहे. जखम चेहऱ्यावर रंग सांडल्यासारखी दिसली.

उत्तर : गोऱ्या त्वचेवरचा लाल-निळा-पिवळा क्रम सावळ्या रंगावर तसाच उचलू नका. सावळ्या त्वचेवर ताजा मार लालभडक दिसत नाही. आधी सूज दिसते, मग आसपासच्यापेक्षा गडद, वांग्याच्या रंगाकडे झुकणारा तपकिरी डाग. शेवटच्या टप्प्यातला पिवळा रंग जवळपास दिसत नाही. म्हणून रंगाआधी उजेड-सावलीने सूज दाखवा, तिच्या माथ्यावर किंचित चकाकी ठेवा. मग मरून, जांभळा आणि गडद तपकिरी, स्टिपल स्पंजने तुटक, एकसंध पट्टा नको.

डोळ्याला बुक्की बसली असेल तर रक्त गुरुत्वाने खाली उतरते. पहिल्या दिवशी भुवईजवळचा डाग दुसऱ्या दिवशी खालच्या पापणीत आणि गालाच्या हाडापर्यंत आलेला असतो. हे दिग्दर्शकाला विचारून ठरवा: कथेत मार कधी बसला?

पिसाचा मूळ रंग सिलिकोनमध्येच मिसळायचा, आणि तो कलाकाराच्या त्वचेपेक्षा किंचित फिका ठेवायचा. वर रंगांचे थर चढतातच. साधे क्रीम फाउंडेशन सिलिकोनवर टिकत नाही. अल्कोहोलने सक्रिय होणारे रंग लागतात, तेही 99 टक्क्यांच्या अल्कोहोलमध्ये. दवाखान्यातल्या 70 टक्क्यांच्या स्पिरिटमध्ये पाणी असते, डाग पडतात. विटकरी, ऑलिव्ह, गडद तपकिरी असे शिंतोडे कडक ब्रशने उडवा. आपल्याकडच्या बहुतेक त्वचांमध्ये ऑलिव्ह आणि गेरूचा अंश असतो, तो टाळला की पीस राखाडी दिसतो. पांढरी पावडर त्यात भर घालते. कमीत कमी वापरा. शेवटचे पाहणे शूटिंगच्या दिव्याखाली आणि मॉनिटरवर, मेकअप रूमच्या आरशात नव्हे.

प्रश्न (बेळगाव) : पीस न करता, कमी खर्चात म्हातारपण दाखवता येईल का?

उत्तर : येते, मर्यादेत. त्वचा ताणून लेटेक्स लावायची जुनी पद्धत आहे. एकाने गाल बोटांनी ताणायचा, तेही सुरकुतीला आडवे. हव्या त्या सुरकुत्या जिथे उभ्या पडतात तिथे ताण आडवा. दुसऱ्याने स्पंजने लेटेक्सचा पातळ थर टिपायचा, थंड हवेच्या ड्रायरने वाळवायचा, ताण न सोडता पावडर मारायची आणि मगच सोडायचे. पावडर विसरली तर सुरकुत्या आपसात चिकटतात. डोळ्याभोवती करताना पावडर होईपर्यंत डोळे मिटलेले, कारण लेटेक्समधला अमोनिया झोंबतो. भुवया आणि केसांना लेटेक्स लागता कामा नये. लेटेक्सची ॲलर्जी असते, म्हणून कोपराच्या आतल्या बाजूला एक दिवस आधी टिपका लावून पाहा. तरुण, घट्ट त्वचेवर परिणाम बेताचाच येतो. चाळिशीपुढच्या कलाकारावर उत्तम.

मोठ्या वयाचा पल्ला हवा असेल तर पीस लागतातच, आणि ते एकसंध मुखवटा नसावेत. अमेरिकन मेकअप कलाकार डिक स्मिथ यांनी 1970 च्या 'लिटल बिग मॅन'मध्ये डस्टिन हॉफमनना 121 वर्षांचा वृद्ध केले, ते एकमेकांवर चढणाऱ्या फोम लेटेक्सच्या अनेक तुकड्यांनी. तुकडे वेगळे असले की प्रत्येक आपापल्या स्नायूबरोबर हलतो. आपल्याकडे 'पा' (2009) चित्रपटात अमिताभ बच्चन यांचा मेकअप करणाऱ्या क्रिस्टियन टिन्स्ली आणि डॉमिनी टिल यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. यातल्या टिन्स्ली यांची खास ओळख म्हणजे घट्ट केलेल्या गोंदाचे व्रण आणि जखमा कागदावरून त्वचेवर उतरवण्याची पद्धत. ती पद्धत तुमच्या बजेटमध्येही बसेल: बाँडो सिलिकोनच्या उथळ साच्यात भरायचे, गोठवायचे, रिलीज पेपरवर (न चिकटणाऱ्या कागदावर) घ्यायचे आणि वाळल्यावर स्टिकरसारखे लावायचे. कपाळावरच्या आठ्या आणि डोळ्यांखालच्या पिशव्या यात छान होतात.

प्रश्न (पुणे) : शूटिंग 20 दिवसांचे आहे. एकच सिलिकोनचा पीस जपून वापरला तर?

उत्तर : नाही. कड विरवली की ती संपते, काढताना उरलेलीही फाटते. रोज नवा पीस. 20 दिवसांना 20, शिवाय चाचणीचा एक आणि राखीव दोन-तीन. निर्मात्याला हा आकडा करारापूर्वी सांगा. जागा रोज तीच यावी म्हणून लाइफ कास्टवरून पारदर्शक प्लास्टिकचा मुखवटा काढून घ्या, पिसाचे कोपरे आणि व्रणाची टोके जिथे येतात तिथे त्याला भोके पाडा. तो चेहऱ्यावर धरून पेन्सिलने खुणा केल्या की पाच मिनिटांत जागा ठरते.

प्रश्न (मडगाव) : तोंडातून रक्त येण्याच्या दृश्यासाठी घरी रक्त कसे करावे?

उत्तर : लिक्विड ग्लुकोज 250 मिली, पाणी 30 ते 40 मिली, खाण्याचा लाल रंग चमचाभर, कोको पावडर एक लहान चमचा, निळ्या रंगाचा एखादा थेंब. कोको थोड्या कोमट पाण्यात आधी विरघळवा, नाही तर गुठळ्या दिसतात. रक्ताला अपारदर्शकपणा त्यानेच येतो. तोंडात जाणाऱ्या बाटलीवर तसे मोठ्या अक्षरांत लिहा आणि तिच्यात दुसरे काहीही मिसळू नका. डिक स्मिथ यांच्या गाजलेल्या कृतीत रक्त नीट पसरावे म्हणून फोटो धुण्याचे रसायन होते, ते विषारी आहे; ती कृती पाहून तोंडासाठी करू नका. कपड्यांसाठीच्या वेगळ्या बाटलीत भांडी घासायचे लिक्विड थोडे घातले की डाग सुटायला मदत होते. तरी खाण्याचा रंग पांढऱ्या सुती कपड्यातून पूर्ण जाईल याची खात्री धरू नका, जितके टेक तितके शर्ट मागवा. गोड रक्तावर मुंग्या आणि माश्या येतात, बाहेरच्या शूटिंगला झाकण लावलेले बरे.

प्रश्न (छत्रपती संभाजीनगर) : पीस काढताना कलाकाराच्या गालाची साल निघाली. आता तो पुन्हा बसायला तयार नाही.

उत्तर : त्याचे बरोबर आहे. लावायला तीन तास देणारे काढायला दहा मिनिटे देतात, तिथे हे होते. काढायला पाऊण ते एक तास धरा आणि तो वेळ कॉल शीटमध्ये (शूटिंगच्या दिवसाच्या वेळापत्रकात) लिहून घ्या.

प्रॉस-एड साबणाने निघत नाही. आयसोप्रोपिल मिरिस्टेट किंवा त्या गोंदाचे स्वतःचे रिमूव्हर घ्या. कडेवर टिपा, दोन मिनिटे थांबा, मऊ ब्रश कडेखाली सरकवा आणि ब्रशनेच पुढे जात राहा. पीस ओढायचा नाही, तो सुटत गेला पाहिजे. अडकले की जोर लावू नका, रिमूव्हर वाढवा. डोळ्याजवळ वरून ओतू नका, इअरबडने घ्या. गोंद सुटल्यावर तेलकटपणा सौम्य फेसवॉशने धुवा, कोमट ओला टॉवेल ठेवा, साधे मॉइश्चरायझर लावा. ॲसिटोन यात कुठेच येत नाही.

सोललेल्या जागी किमान ती पूर्ण भरून येईपर्यंत गोंद लावायचा नाही. लाली वाढली किंवा पाणी सुटले तर त्वचारोगतज्ज्ञांना दाखवा. तोपर्यंतचे शॉट दुसऱ्या बाजूने लावता येतात का, हे कॅमेरामनशी बोलून घ्या.